ललिता पवार: पुन्हा पुन्हा विचारले जाणारे प्रश्न

कुणाची सासू जरा कडक निघाली की आमच्याकडे अजूनही म्हणतात, "अगदी ललिता पवार आहे हो!" ज्यांनी त्यांचा एकही सिनेमा धड पाहिलेला नाही अशा मुलीही म्हणतात. नटीचं नाव भाषेत असं रुळणं साधी गोष्ट नाही, पण त्या नावामागची नटी मात्र त्यात हरवली. गेली काही वर्षं मी त्यांचे सिनेमे शोधून शोधून पाहते आहे. त्याबद्दल बोलायला लागलं की लोक ठरावीक प्रश्न विचारतात, म्हणून त्यांची उत्तरं इथे एका जागी लिहून ठेवते.

त्यांचं मूळ नाव काय? त्या मूळच्या कुठल्या?

मूळ नाव अंबा लक्ष्मणराव सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. येवला म्हटलं की आपल्याला पैठणी आठवते, आणि वडिलांचा धंदाही कापडाचाच होता, रेशमी आणि सुती मालाचा. घर खाऊनपिऊन सुखी होतं. "पोटासाठी सिनेमात आल्या" असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका.

पहिला सिनेमा कोणता? 'राजा हरिश्चंद्र' असं वाचलं, ते खरं का?

खरं आहे, पण फाळक्यांचा नव्हे. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालचा, तेव्हा ललिताबाईंचा जन्मही झाला नव्हता. शिवाय त्यात तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुषानं केली होती. ललिताबाई दिसल्या त्या १९२८ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये, पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीच्या मूकपटात. त्या काळात एकेका पौराणिक कथेवर पुन्हा पुन्हा मूकपट निघत आणि नावंही तीच असत, त्यामुळे हा घोटाळा होतो.

आणखी एक. "नवव्या वर्षी पडद्यावर आल्या" असं बऱ्याच ठिकाणी छापलेलं असतं. जन्म १९१६ चा आणि सिनेमा १९२८ चा धरला तर वय बारा येतं. मी बाराच सांगते.

त्या आधी नायिका होत्या? खरंच?

हो, आणि चांगल्या दहा-बारा वर्षं. हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो आणि उत्तर ऐकून लोकांचा चेहरा पाहण्यासारखा होतो. त्या काळातले त्यांचे फोटो पाहिलेत तर तुम्ही ओळखणार नाही. टपोरे डोळे, गोल चेहरा, कॅमेऱ्याकडे सरळ बघणारी बेधडक नजर. मूकपटांच्या शेवटच्या वर्षांत आणि बोलपटांच्या सुरुवातीला त्यांनी पौराणिक, सामाजिक, मारधाडीचे, सगळ्या तऱ्हेचे सिनेमे केले. त्यातले बरेच ग. प. पवारांनी दिग्दर्शित केलेले होते. त्यांच्याशीच लग्न झालं आणि अंबा सगुणच्या ललिता पवार झाल्या.

अभिनयापुरत्याच त्या थांबल्या नाहीत. १९३२ च्या 'कैलाश' या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. तेव्हा वय सोळा. पुढे १९३७ मध्ये 'दुनिया क्या है' हा बोलपट त्यांनी काढला. एकविसाव्या वर्षी एक बाई सिनेमा काढते, तो स्वतः पडद्यावर तोलते, हे आज वाचतानाही मी जरा थांबते.

त्या गायच्याही का?

गायच्या. पार्श्वगायनाची पद्धत रुळण्याआधी नायिकेला स्वतःच गावं लागे, आणि 'हिम्मत-ए-मर्दां' (१९३५) मधली त्यांची गाणी त्यांच्याच आवाजात आहेत. नंतरच्या सिनेमांत त्यांचे संवाद ऐकताना हे ध्यानात ठेवा. वाक्य कुठे चढवायचं, कुठे आपटायचं, कुठे श्वास राखून शेवटचा शब्द फेकायचा, हे त्यांना पक्कं कळत होतं. गाण्याची सवय असलेल्या माणसाचा तो कान आहे, असं मला वाटतं.

त्या थपडेचं नक्की काय झालं?

१९४२ साली एका चित्रीकरणात भगवानदादांनी त्यांच्या थोबाडीत मारायची, असं दृश्य होतं. मारायचं नाटक करायचं होतं, पण हात जोरात बसला. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली आणि डाव्या डोळ्याची शीर तुटली. उपचार दीर्घकाळ चालले, तीन वर्षं असं सांगितलं जातं. चेहरा पुष्कळसा सावरला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक राहिला.

भगवानदादांनी हे मुद्दाम केलं नव्हतं, हे स्पष्ट सांगायला हवं. दोघंही तिशीच्या आतबाहेरचे, दोघंही मेहनती. मारामारीच्या दृश्यांना तेव्हा आजच्यासारखी कुणाची देखरेख नसे. कामाच्या जागी झालेला हा अपघात होता. आज असं घडलं तर विमा, नुकसानभरपाई, चौकशी असं काहीतरी होईल. तेव्हा कलाकारानं आपलं नशीब म्हणायचं आणि पुढचं काम शोधायचं, एवढंच होतं. सव्वीस वर्षांच्या नायिकेसाठी चेहरा म्हणजे सगळी मिळकत, आणि तीच गेली. हा प्रसंग गमतीदार किस्सा म्हणून सांगितला जातो तेव्हा मला फार वाईट वाटतं.

मग तीन वर्षं त्या घरी बसून होत्या?

पूर्ण घरी बसल्या नव्हत्या. प्रभातचा 'रामशास्त्री' १९४४ सालचा आहे आणि त्यात आनंदीबाई आहेत ललिता पवार. उपचारांच्या त्याच वर्षांत त्या कॅमेऱ्यासमोर परत आल्या होत्या.

'रामशास्त्री' मिळाला तर जरूर बघा. गजानन जागीरदारांचे रामशास्त्री आणि समोर ही आनंदीबाई. 'ध'चा 'मा' ही गोष्ट आपल्याकडे शाळकरी पोरालाही ठाऊक असते, त्यामुळे आनंदीबाई म्हटलं की लोक आधीच दात-ओठ खाऊन बसलेले असतात. अशी भूमिका नुसती डोळे वटारून पार पडते. ललिताबाईंनी तसं केलं नाही. त्यांच्या आनंदीबाईला महत्त्वाकांक्षा आहे, धाक आहे आणि आतून भीतीही आहे. पुढची पन्नास वर्षं त्यांनी ज्या ताकदीवर काढली ती सगळी मला या एका भूमिकेत दिसते. कारकिर्दीचा दुसरा भाग खरा इथून सुरू झाला.

'चरित्र अभिनेत्री' म्हणजे नेमकं काय? सहायक भूमिकाच ना?

ढोबळमानानं तेच. नायक-नायिका सोडून आई, सासू, आत्या, शेजारीण, घरमालकीण, मेट्रन अशी जी माणसं गोष्टीला लागतात, ती उभी करणारे कलाकार. पोस्टरवर त्यांचं नाव बारीक असतं आणि सिनेमाभर तीच माणसं घर धरून असतात. त्यांना एकाच वेळी अनेक सिनेमांत काम करावं लागे. सकाळी एका स्टुडिओत विधवा आई, दुपारी दुसरीकडे श्रीमंत गर्विष्ठ बाई. साडी बदलायची, केस बदलायचे आणि उभं राहायचं.

यात वयाची काय गंमत होते ती पाहा. 'दाग' (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमारची आई आहेत. दिलीपकुमारचा जन्म १९२२ चा, ललिताबाईंचा १९१६ चा. सहा वर्षांनी मोठी बाई आई झाली आहे! 'श्री ४२०' मध्ये राज कपूर त्यांना माई म्हणतो, तो आठ वर्षांनी लहान. शम्मी कपूर पंधरा वर्षांनी. म्हणजे पस्तिशीत त्यांनी केस पांढरे केले आणि पुन्हा काही काळे केले नाहीत. पुरुष नट मात्र पन्नाशीतही कॉलेजात जात होते. हा अन्याय फक्त त्यांच्या वाट्याला आला असं नाही, पण त्यांच्या कारकिर्दीत तो फार उघडा दिसतो.

त्या नेहमी खाष्ट सासूच होत्या का?

नाही. पण ही समजूत कुठून आली ते सांगता येतं. व्ही. शांताराम यांचा 'दहेज' (१९५०) बघा. पृथ्वीराज कपूर मुलीचे वडील, जयश्री सून आणि ललिता पवार हुंड्यासाठी सुनेचा जीव नकोसा करणारी सासू. हा सिनेमा पाहून बाहेर पडलेल्या बायकांनी त्यांना शिव्या घातल्या नसतील तरच नवल. तिथून पुढे दर निर्मात्याला आपल्या सिनेमात तशीच सासू हवी झाली. बारीक झालेला डावा डोळा जरा आणखी मिटला की प्रेक्षकांना कळायचं, आता काहीतरी शिजतंय. त्या डोळ्याचा त्यांनी हत्यारासारखा उपयोग केला. ज्या जखमेनं नायिकापद नेलं, तीच त्यांनी कामाला लावली. यात दुःख आहे आणि हिंमतही आहे, मला दोन्ही वेगळं काढता येत नाही.

पण एकाच साच्यातही त्यांनी किती फरक ठेवला, हे पाहायचं तर 'सुजाता' (१९५९) बघा. बिमल रॉय यांचा सिनेमा. ब्राह्मण घरात वाढलेली अस्पृश्य मुलगी नूतन, घरची आई सुलोचनाबाई, घरची खरी लेक शशिकला, आणि जातपात मानणारी म्हातारी आत्या ललिता पवार. (चार मराठी बायका एका बंगाली दिग्दर्शकाच्या सिनेमात एकत्र आहेत, हे मी अभिमानानं सांगते.) ही आत्या दुष्ट नाही, हे त्या भूमिकेचं मर्म आहे. ती प्रेमळ आहे, लाड करते, नातवाच्या लग्नाची स्वप्नं बघते. तिला जे शिकवलं ते ती पाळते, आणि त्यानं समोरच्या मुलीचं काळीज कसं फाटतं ते तिच्या गावीही नाही. अशा आत्या आणि आज्या आपण सगळ्यांनी घरात पाहिल्या आहेत. 'दहेज'मधल्या सासूवर चिडता येतं. 'सुजाता'मधली आत्या बघून आपल्याला आपलं माणूस आठवतं आणि गप्प बसावं लागतं.

त्या ख्रिश्चन होत्या का? मिसेस डिसा इतक्या खऱ्या कशा वाटतात?

ख्रिश्चन नव्हत्या, येवल्याच्या मराठी हिंदू घरातल्या होत्या. पण हा प्रश्न विचारला जातो, हीच त्यांच्या कामाची पावती.

'अनाडी' (१९५९), दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. राज कपूर हा साधा, प्रामाणिक, बेकार तरुण आणि मिसेस डिसा त्याची घरमालकीण. ती दिवसभर त्याच्यावर खेकसते आणि त्याच तोंडानं त्याच्या जेवणाची काळजी करते. बाहेरून कडक आणि आतून लोण्यासारखं माणूस रंगवणं सोपं वाटतं, पण त्यात एक खड्डा असतो. "बघा मी आतून किती चांगली आहे" असं नट प्रेक्षकाला डोळ्यांनी सांगायला लागतो. ललिताबाई असं एकदाही सांगत नाहीत. मिसेस डिसाला स्वतःलाच आपण मायाळू आहोत हे मान्य नसावं, अशा त्या वागतात. म्हणून ती गेल्यावर घर रिकामं होतं. भेसळीच्या औषधानं ती मरते आणि आळ येतो त्याच पोरावर. त्यानंतरचा सिनेमा तिच्या नसण्यावर उभा आहे. सहायक भूमिकेला याहून मोठं काय मिळणार?

या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचा उत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्याच सिनेमासाठी राज कपूर, शंकर-जयकिशन, शैलेंद्र आणि मुकेश यांनाही फिल्मफेअर मिळालं होतं.

हृषीदांनी ही जोडी सोडली नाही. १९६१ मध्ये 'मेमदीदी' काढला, त्यात शीर्षक भूमिकाच ललिताबाईंची. पंचेचाळीस वर्षांच्या चरित्र अभिनेत्रीभोवती अख्खा हिंदी सिनेमा गुंफायचा, हे तेव्हाही दुर्मीळ होतं. आणि 'आनंद' (१९७१) मध्ये रमेश देवांच्या नर्सिंग होममधली मेट्रन आठवते? पेशंटांना दटावणारी आणि राजेश खन्नापुढे विरघळणारी? तिचं आडनावही डिसाच आहे. मी ते जुन्या मिसेस डिसाला केलेलं स्मरण समजते.

विनोदी भूमिका केल्या का?

केल्या, आणि माझ्या मते त्यांच्या कामातला हा भाग सगळ्यात दुर्लक्षित आहे.

'मिस्टर अँड मिसेस ५५' मध्ये गुरुदत्तनं त्यांना सीतादेवी दिली. मधुबालाची आत्या, स्त्रियांच्या हक्कांसाठी भाषणं करणारी आणि पुरुषजातीचं तोंड न पाहणारी. भाचीला वारसाहक्कानं पैसा मिळावा म्हणून ती तिचं नावापुरतं लग्न लावून देते. हिंदू विवाह कायदा आला तो याच १९५५ साली, त्यामुळे घटस्फोटाची चर्चा घरोघरी होती. खरं सांगायचं तर सिनेमा सीतादेवीवर अन्याय करतो. तिच्या बोलण्यात तथ्य असूनही तिला हास्यास्पद ठरवायचं, असा संहितेचा कल आहे. ललिताबाईंनी मात्र तिची ऐट कुठेही कमी होऊ दिली नाही. त्या विनोदासाठी वेडंवाकडं काही करत नाहीत. सीतादेवी स्वतःला पूर्ण गंभीरपणे घेते, हसू त्यातूनच येतं.

'जंगली' (१९६१) मध्ये त्या श्रीमंत घरातली आई आहेत. तिच्या घरात हसायला बंदी! शम्मी कपूर काश्मीरहून बदलून येतो आणि शेवटी आईचाही बर्फ वितळतो.

आणि 'प्रोफेसर' (१९६२). हा सिनेमा मी किती वेळा पाहिला याची मोजदाद नाही. आजारी आईच्या उपचारांसाठी पैसा हवा म्हणून शम्मी कपूर म्हाताऱ्या प्राध्यापकाचं सोंग घेऊन दार्जिलिंगला शिकवणीला येतो. भाच्यांना शिस्तीत ठेवणारी कडक आत्या सीतादेवी, आणि ती चक्क या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. कल्पना करा, १९६२ साली हिंदी सिनेमात प्रौढ, एकट्या बाईचं प्रेम! हसवण्यासाठी लिहिलेला भाग आहे, पण आरशासमोर स्वतःला न्याहाळणाऱ्या, केसांवरून हात फिरवणाऱ्या त्या बाईकडे पाहताना माझं हसू हळूहळू मावळतं. वीस वर्षांपूर्वी ज्या नटीकडून नायिकापद हिसकावलं गेलं, ती पडद्यावर पुन्हा एकदा लाजते आहे. दिग्दर्शक लेख टंडन यांना हे जाणवलं असेल की नाही, कोण जाणे. मला मात्र दर वेळी जाणवतं.

दुर्गा खोटे, लीला चिटणीस, सुलोचना आणि ललिता पवार यांच्यात फरक काय?

चौघी मराठी आणि चौघी हिंदी सिनेमाच्या आया. दुर्गाबाई, लीलाबाई आणि ललिताबाई तिघी १९३० च्या दशकात नायिका म्हणून गाजल्या आणि पुढे आई झाल्या. दुर्गाबाईंची आई खानदानी, 'मुघल-ए-आझम'मधली जोधाबाई आठवा. लीलाबाईंची आई सोसणारी, कायम डोळ्यांत पाणी. सुलोचनाबाईंची आई सात्त्विक, देवघरातल्या समईसारखी. या तिघींना प्रेक्षकांनी नमस्कार केला. ललिताबाईंना लोक घाबरले, चिडले, हसले आणि मग अचानक रडले. माझं मत विचाराल तर चौघींत सगळ्यात मोठा पल्ला त्यांचाच होता. यावर माझे माझ्या आईशी वाद होतात, ती सुलोचनाबाईंची भक्त आहे.

मराठीत त्यांनी काय काम केलं?

सुरुवातीच्या काळात बरंच. भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर', 'संत दामाजी', 'गोरा कुंभार'. मास्टर विनायकांचा 'अमृत' (१९४१), कथा वि. स. खांडेकरांची. 'रामशास्त्री'बद्दल वर लिहिलंच. त्यानंतर शांतारामबापूंचा 'अमर भूपाळी' (१९५१), होनाजी-बाळाच्या आयुष्यावरचा. ज्यांना त्या फक्त हिंदीतल्याच माहीत आहेत त्यांनी 'अमर भूपाळी'पासून सुरुवात करावी. गाण्यांसाठी तो पाहिला जातोच, या वेळी ललिताबाईंसाठी पाहा. त्यांची मराठी ऐकणं हे वेगळं सुख आहे.

एकूण किती सिनेमे केले?

सातशेच्या आसपास, असा आकडा सगळीकडे छापला जातो. मूकपटापासून धरलं, हिंदी, मराठी, गुजराती एकत्र केलं आणि छोट्या भूमिकाही मोजल्या तर आकडा मोठाच भरणार. त्यात एक पाहावं लागतं: 'अमृत' आणि 'रामशास्त्री' हे मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत निघाले होते. एकाच कामाचे कुणी दोन सिनेमे मोजतं, कुणी एक. मी आकड्यापेक्षा काळ सांगते. १९२८ मध्ये बोलपट नव्हता तेव्हा सुरुवात, आणि रंगीत टीव्ही आला तरी त्या काम करतच होत्या. सहा दशकं.

टीव्हीवरची मंथरा त्याच का?

त्याच! रामानंद सागर यांची 'रामायण' मालिका दूरदर्शनवर २५ जानेवारी १९८७ ला सुरू झाली आणि जुलै १९८८ पर्यंत दर रविवारी सकाळी साडेनऊला लागायची. चित्रीकरण गुजरातेत उंबरगावला चालायचं. कैकेयी पद्मा खन्ना आणि तिचे कान भरणारी कुबडी मंथरा ललिता पवार. वय सत्तरीचं.

आमच्या चाळीत तेव्हा दोनच टीव्ही होते. ज्यांच्याकडे टीव्ही, त्यांच्या घरी सकाळपासून सतरंज्या अंथरलेल्या असत. माझी आजी राम पडद्यावर आला की हात जोडायची आणि मंथरा आली की कडाकडा बोटं मोडायची. "मेली ही, हिनं घर मोडलं!" आणि पुढच्याच दमात, "पण काम काय करते बघ." हे दुसरं वाक्य मी विसरलेले नाही.

मंथरा त्यांना नवी नव्हती. बाबूभाई मिस्त्री यांच्या १९६१ च्या 'संपूर्ण रामायण'मध्येही मंथरा त्यांनीच केली होती. सव्वीस वर्षांनी तीच भूमिका पुन्हा. टीव्हीवरची मंथरा बघताना कैकेयीशी ती कशी बोलते ते ऐका. ती आधी ओरडत नाही. लहानपणापासून वाढवलेल्या मुलीशी दाई बोलेल तशी बोलते, तिच्या भल्याची काळजी दाखवते, मग एक शंका सोडून देते आणि गप्प राहते. शंका रुजायला वेळ देते. बाजूला काठी, वाकलेली पाठ, एक डोळा बारीक. लोकांना तो डोळा मेकअपचा भाग वाटला. तो १९४२ पासून त्यांच्यासोबत होता.

२०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी लागली तेव्हा दूरदर्शननं ही मालिका पुन्हा दाखवली. माझ्या भाचीच्या वयाच्या पोरांनी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते तिथे, आणि या पानावरचे निम्मे प्रश्न त्यानंतरचे आहेत.

सन्मान कोणते मिळाले?

'अनाडी'साठी फिल्मफेअर आणि १९६१ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार. एवढ्या मोठ्या कामाच्या मानानं मला ही यादी फार लहान वाटते.

संसार, शेवटचे दिवस?

पहिले पती दिग्दर्शक ग. प. पवार. नंतर त्यांनी निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी लग्न केलं. शेवटची वर्षं पुण्यात, औंधला गेली. तोंडाच्या कर्करोगानं त्या आजारी होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यातच त्यांचं निधन झालं, वय ८१. जिथल्या स्टुडिओत बाराव्या वर्षी पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, त्याच गावात. त्यांच्या शेवटाविषयी इंटरनेटवर पुष्कळ रंगवून लिहिलेलं सापडतं, व्हिडिओही आहेत. मला ते इथे उगाळायचं नाही. कृपया त्याबद्दल प्रश्न पाठवू नका.

मला सुरुवात करायची आहे. आधी काय पाहू?

वेळ कमी असेल तर 'श्री ४२०' मधली केळीवाली गंगामाई पाहा. फुटपाथवर बसलेली ती, नव्यानं मुंबईत आलेला भुकेला राज कपूर आणि केळ्यांच्या भावावरून त्यांची घासाघीस. काही मिनिटांचाच प्रसंग. ती त्याला शब्दात पकडते, तो तिला, आणि बोलता बोलता ती त्याची माई होऊन जाते. हे नातं कधी जुळलं ते दाखवणारं एक वाक्य काढा म्हटलं तर सापडणार नाही.

मग 'अनाडी', त्यानंतर लगेच 'सुजाता'. दोन्ही १९५९ चे. एकाच वर्षात एकाच बाईनं मिसेस डिसा आणि ती आत्या केली आहे, हे लागोपाठ पाहिल्याशिवाय अंगावर येत नाही. मग हलकं व्हायला 'प्रोफेसर'. घरात ज्येष्ठ मंडळी असतील तर 'बॉम्बे टू गोवा' (१९७२) त्यांच्यासोबत बघा. बसभर माणसांच्या गर्दीत त्याही आहेत, आणि आईबाबा त्यांना बोट दाखवून ओळखतील. 'दहेज' आणि 'रामशास्त्री' सवडीनं, पण एका बैठकीत, मध्ये फोन न घेता.

आणि त्यांच्या तरुणपणीचा एखादा फोटो आधी नीट बघून घ्या. मग गंगामाईकडे बघा.